ऐकीव पुरावा

चिमटीत दाबलेला फोमचा पिवळा बोळा सोडून दिला की मूळ आकाराला यायला अडतीस सेकंद घेतो. पाकिटावर तीस छापले आहेत, पण पाकिटावरच्या आकड्यांवर राधिका प्रयोगशाळेतल्या एकतीस वर्षांच्या नोकरीत कधी विसंबली नव्हती, आणि आत्ताही, रात्रीच्या एक वाजून दहा मिनिटांनी, दिव्याखाली तळहात धरून ती त्या बोळ्याचे फुगणे पाहत होती — फुगणे कसले, परतणे. कानात घातला की तो असाच परततो, कानाच्या नळीला सगळीकडून टेकतो, आणि मग पंखा, फ्रिज, गासच्या रस्त्यावरून नालासोपाऱ्याकडे जाणारी शेवटची रिक्षा, हे सगळे दुसऱ्या कोणाच्या घरात चालल्यासारखे दूर जाते. प्रयोग साधा होता. बोळे घातल्यावर आवाज थांबला तर तो बाहेरचा. बोळे घालूनही आला तर तो आतला. आतला... हा शब्द तिने मनातल्या मनातही हलक्या आवाजात उच्चारला.

आवाज दोन होते, एक जाड आणि एक बारीक. पहिल्या मजल्यावरच्या तिच्या झोपण्याच्या खोलीखाली सोसायटीची कुंपणभिंत आहे, तिच्यापलीकडे गल्ली. त्या गल्लीतून ते साधारण पावणेदोनला सुरू होत आणि सव्वादोनच्या आत थांबत. कुजबूज. बहुतेक न समजणारी. पण तिच्यातून एकच शब्द पुन्हा पुन्हा स्वच्छ वर येई — खून. बारा रात्रींत सहा वेळा, बरोबर एका रात्रीआड. नियमितपणा हे बाहेरच्या गोष्टींचे लक्षण असते असे तिला कोणी सांगितले असते, तर तिने त्याला स्वतःची नाडी मोजायला लावली असती. तिने हा नियमितपणा आधी स्वतःतच शोधला: लोहाची गोळी ती एका दिवसाआड घेत असे, गोळी बंद केली, आवाज बंद झाला नाही. शेजारच्या कॅथरिनला सहज विचारल्यासारखे विचारले, तर ती म्हणाली की एसी लावून झोपल्यावर बाहेर बँड वाजला तरी तिला कळत नाही, आणि राधिकानेही एसी घ्यावा. हा साक्षीदार बाद झाला.

बोळ्यांचा प्रयोग दोनदा झाला होता. दोन्ही वेळा बोळे काढेपर्यंत आवाज आला नव्हता, आणि दोन्ही वेळा तिचे समाधान झाले नव्हते — कारण बोळे घातलेले आहेत हे तिला ठाऊक होते, आणि जे तिला ठाऊक होते ते तिच्या मेंदूलाही ठाऊक होते. प्रयोग करणारा आणि पिंजऱ्यातला उंदीर एकच असला की निकालाला काय किंमत? मग फोन खिडकीच्या कट्ट्यावर ठेवून ध्वनिमुद्रण. चार तास बावीस मिनिटे. त्यात पंखा होता, कुत्रे होते, वॉचमनच्या मोबाइलवरचे भोजपुरी गाणे होते, आणि एके ठिकाणी असे काही होते ज्याला माणसांचे बोलणे म्हणता आले असते आणि न म्हणताही आले असते. तो तुकडा तिने एकोणीस वेळा ऐकला. विसाव्या वेळेला तिच्या लक्षात आले की आता आपण ऐकत नाही, भरून काढतो आहोत. तिने तो पुसून टाकला.

खिडकीतून पाहणे हा सरळ उपाय होता. पण गेल्या वर्षापासून रात्री भिंतीलगत शाळेच्या दोन बसगाड्या उभ्या राहतात आणि बस व भिंत यांच्यामधली पट्टी वरून दिसत नाही... हे कारण खरे होते. पुरेसे नव्हते. पुरेसे कारण हे की खाली जाऊन पाहिले आणि तिथे कोणी नसले, तर उत्तर मिळेल. आणि उत्तर मिळाल्यावर प्रश्नाच्या आडोशाला राहता येत नाही.

उद्या सकाळी अकरा वाजता मेंदूच्या डॉक्टरांकडे वेळ घेतलेली होती. त्यांच्या माणसाने फोनवर पाठवलेला अर्ज तिने छापून आणला होता आणि जेवणाच्या टेबलावर ठेवला होता. नाव, वय छपन्न, राहणे एकटे, झोप अनियमित. आणि मग तो रकाना: कुटुंबात कोणाला असाच त्रास होता का? असल्यास तपशील. खाली दोन ओळी मोकळ्या. दोन ओळी पुरल्या असत्या. वडिलांच्या फाइलमध्ये तिने स्वतःच्या हाताने जे लिहिले होते ते दोन ओळींतच मावले होते — रात्री खिडकीखाली खुनाबद्दल बोलणारी माणसे ऐकू येतात. खिडकीपाशी उभे राहून हातवारे करतात. डॉक्टरांनी कागद वाचून मान डोलावली होती आणि म्हणाले होते की सगळे नातेवाईक असे नेमके लिहितील तर आमचे काम अर्धे होईल. त्या वाक्याचा तिला आनंद झाला होता. हे आठवते. आनंद झाला होता हे तंतोतंत आठवते.

वडिलांना घरात सगळेच भाऊ म्हणत. जगन्नाथ हे नाव फक्त सातबाऱ्यावर आणि औषधाच्या चिठ्ठीवर. ही इमारत उभी आहे तिथे त्यांची केळीची बाग होती. तिच्या बदल्यात मिळालेल्या दोन खोल्यांत ते बागेच्या वर, हवेत, नऊ वर्षे राहिले. मेंदूत बारीकशी गुठळी झाली, हातपाय वाचले, पण बोलणे बदलले. राधिका शाळेत जायला लागल्यापासून तिच्याशी ते जी पुस्तकी भाषा बोलत ती गळून पडली, आणि खाली काय उरले होते ते वर आले — घरची बोली, आणि तिच्यात मिसळलेली खाडीकडच्या माणसांची, जी लहानपणी त्यांच्या बागेत कामाला येत आणि ज्यांच्या मुलांबरोबर ते वाढले. हेही तिने फाइलमध्ये लिहिले होते. भाषेत बिघाड. त्या रात्रींपासून अर्धी गोळी सुरू झाली, मग पूर्ण. खिडकीला कडी लागली. हातवारे थांबले, मग चालणे कमी झाले, मग जेवण, आणि चौदा महिन्यांनी न्यूमोनिया. गोळीने आवाज गेले का, असे तिने त्यांना एकदा विचारले होते. भाऊ म्हणाले, आता ते येत नसतील.

हे वाक्य तिने सुधारणा म्हणून नोंदवले होते.

एक वाजून पस्तीस. बोळे तिने डबीत ठेवले. आज आवाजाची रात्र होती. बोळे, फोन, गोळ्या झाल्या होत्या. प्रत्यक्ष पाहणे एवढेच उरले होते, आणि ते केल्याशिवाय अर्जाच्या त्या दोन ओळी भरणे म्हणजे चाचणी न करता शिक्का मारणे — जे मी आयुष्यात कधी केले नाही. मी घाबरलेले नाही. मी नमुना घ्यायला चालले आहे. तिने चष्मा पुसला, घराची किल्ली मुठीत घेतली आणि जिन्याने उतरली, लिफ्टचा आवाज होऊ नये म्हणून.

फाटकाजवळ वॉचमन खुर्चीत मान टाकून झोपला होता. गल्लीत दिवा नव्हता. होता, पण लागत नव्हता. दोन्ही बसगाड्या भिंतीलगत, माणूस शिरेल एवढी पट्टी सोडून उभ्या होत्या. याच भिंतीच्या बाहेरच्या अंगावर, तिच्या खिडकीच्या बरोबर खाली, तेरा दिवसांपूर्वी तिने एक लाल फराटा पाहिला होता — वीतभर लांब, बोटाएवढा जाड, ऑइलपेंटचा. त्याच आठवड्यात सोसायटीच्या ग्रुपवर फिरत होते की चोरांच्या टोळ्या दिवसा पाहणी करतात आणि एकट्या माणसांच्या घरांवर चिन्हे करून जातात. तिने खाली लिहिले होते: याला आधार काय? कोणीच उत्तर दिले नाही, दोघांनी हात जोडल्याचे चित्र टाकले. मग संध्याकाळी ती थिनरची बाटली आणि चिंधी घेऊन खाली उतरली आणि तो फराटा पुसून आली. अफवेवर तिचा विश्वास नव्हता. भिंत स्वच्छ असावी, एवढेच.

आणि आता बस आणि भिंत यांच्यामध्ये उजेड होता. अगदी कमी, पिवळट, कशाने तरी झाकलेला. तिचे पाऊल थांबले. उजेड जमिनीलगत हलत होता, आणि त्या उजेडात एक माणूस गुडघ्यांवर बसून दोन्ही तळव्यांनी माती चाचपत होता. शेजारी कमरेइतक्या उंचीचा लोखंडी गज पडला होता, टोकाला आडवी मूठ असलेला. खणताहेत, असे तिच्या मनात आले. पुरताहेत. ज्या शब्दाची ती बारा रात्री वाट पाहत होती त्याला आता हातपाय फुटले होते, आणि विचित्र हे, की तिला जे वाटले त्यात भीती कमी आणि सुटका जास्त होती: इथे कोणीतरी आहे. काय करत आहेत ते नंतर पाहू. आहेत.

उजेड एकदम तिच्या तोंडावर आला. विजेरीवर धरलेला पदर बाजूला झाला होता.

"कोन हाय?" बारीक आवाज. बाईचा.

राधिकाने आपण वर राहतो असे सांगितले, आणि मग, चौकशीचा स्वर आणायचा ठरवूनही न आणता, तुम्ही कोण, असे विचारले. बाईने उत्तर द्यायची घाई केली. पाणी सोडायला आलेत, चोर नाहीत, पालिकेच्या ठेकेदाराची माणसे आहेत, हा बळीराम, तिचा नवरा, एकोणीस वर्षे या भागाचे व्हॉल्व्ह यानेच उघडलेत, एका रात्रीआड या गल्लीचे पाणी असते, ती हंसा. ओळखपत्र आहे, पण घरी आहे. बळीरामने उठून उभे राहण्याचा प्रयत्न केला, बसच्या पत्र्याला हात लावून अंदाज घेतला आणि राधिकाच्या जरा डावीकडे पाहून नमस्कार केला.

"याला रातचं दिसत नाय," हंसा म्हणाली. "आनि दिवसा याला काम देत नाय."

"दिसतं मना," बळीराम म्हणाला. "हिलाच घरी बोलायला कोन नाय, म्हनून मागं येते."

"हां, मीच येते फिरायला. चौपाटीच हाय ना हितं."

ही भांडणे त्यांनी अनेकदा केलेली असावीत. कुजबुजीतच, एकमेकांकडे न पाहता, हाताने काम चालू ठेवून. राधिका ऐकत होती. आवाजांची पट्टी तीच होती. जाड आणि बारीक, तंतोतंत. तरीही तिने शेवटचा प्रश्न विचारला, कारण तो विचारल्याशिवाय नोंद पूर्ण झाली नसती.

"रोज इथे काय शोधता?"

"खून," हंसा म्हणाली.

राधिकाने चष्मा वर केला.

"काय?"

"खून, ताई. भित्तीवर केलेली ना लाल रंगानं. रस्ता केला तवा व्हॉल्व्हचं झाकन मातीत बुजलं, वर बारीक दगडाची खरी टाकली. म्हनून यानं खून केली — खुनेपासून तीन पावलं, की झाकन. ती कोनीतरी पुसली. रंग संपलाय नवी करायला, सा रात्री गुडघं घासतोय आमी."

केली. पुसली. ती. क्रियापदे स्त्रीलिंगी होती. खून करतात तो पुल्लिंगी. केली जाते, पुसली जाते ती खूण, आणि खाडीकडच्या जिभेवर ण टिकत नाही, तिथे पाणी पानी होते आणि कोण कोन होतो — हे राधिकाला माहीत नव्हते असे नाही. भाऊंच्या बागेत कामाला येणारी माणसे असेच बोलत. आणि तरी बारा रात्री तिने त्या कुजबुजीतून एक नाम उचलले होते आणि बाकीचे वाक्य गोंगाट म्हणून टाकून दिले होते... गाळणीत जे अडकले ते तपासले, जे गळून गेले त्यात उत्तर होते.

"मी पुसली," ती म्हणाली.

हंसाने विजेरी खाली केली. "कशाला पन?"

सांगण्यासारखे कारण नव्हते. होते ते एका अफवेचे कारण होते, जिच्यावर तिचा विश्वास नव्हता. तिला डाग वाटला, असे ती म्हणाली.

"डाग नाय, ताई," बळीराम हसला, "पत्ता होता तो."

मग ती बसच्या मागून आत शिरली आणि भिंतीवर हात फिरवून थिनरने फिकी पडलेली जागा शोधली. ती तिला लगेच सापडली, कारण पुसतानाही तिने कडांपर्यंत नीट पुसले होते. बळीरामने तिथे पाठ टेकली, गासच्या रस्त्याच्या बाजूला तीन पावले मोजली आणि गजाने ठोकले. दोनदा माती, तिसऱ्यांदा लोखंड. पती-पत्नी झाकणावर वाकली. माती उकरता उकरता हंसा बोलत राहिली, आता तिला बोलायची मुभा मिळाल्यासारखी: दोन वर्षांमागे पण सोसायटीने भिंत रंगवली तेव्हा असेच झाले होते, तेव्हाही पंधरा-वीस दिवस चाचपडत होते, आणि तेव्हा वर एक बाबा असायचे.

"कुठे वर?"

"त्या खिरकीत." तिने विजेरीने दाखवले. राधिकाची खिडकी. "लाइट लावून उभं रायचं. काच बंद, ऐकू काय नाय यायचं. नुस्ता हात करायचं, असा." हंसाने उताणा तळवा गासच्या रस्त्याच्या दिशेने नेला, परत आणला, पुन्हा नेला. "आमाला वाटायचं हाकलतात. जा इथनं, म्हनतात. म्हनून तवापासनं आमी गप बोलतो."

बळीराम गज व्हॉल्व्हवर बसवत होता. मान वर न करता म्हणाला, "झाकन पन तिकरंच हाय ना. रस्त्याच्या बाजूलाच."

"ते मना नाय ठावं," हंसा म्हणाली. "दिसायचं बंद झालं एक दिस. तुमचं कोन होतं काय?"

वडील, असे राधिकाने सांगितले. हंसाने च्च केले. गज फिरला, अर्धा वेढा, मग एक, मग बळीरामने पूर्ण वजन टाकले, आणि जमिनीखालून पाण्याचा आवाज सुरू झाला, आधी खरखर आणि मग एकसंध. त्याने कान देऊन तो ऐकला आणि समाधानाने झाकण लावले. हंसाने जाताना एवढेच सांगितले की ऑफिसात बोलू नका ताई, मी येते म्हणून. याचे काम जाईल. राधिकाने मान हलवली, अंधारात ती दिसली नसेल हे उशिरा लक्षात येऊन, नाही सांगणार, असेही म्हणाली. दोघे पुढच्या गल्लीकडे गेले. विजेरीवर पदर, त्याचा हात तिच्या खांद्यावर.

ती तिथेच राहिली. खिडकी वर होती, काळी, आणि आता तिला ती रात्र दिसत होती — भाऊ काचेपाशी, आणि ती मागून जाऊन त्यांच्या खांद्यावरून खाली पाहते आहे. खोलीतली ट्यूब लागलेली. काचेत तिला स्वतःचा चेहरा दिसला होता, पलीकडे काहीही नाही, आणि तिने म्हटले होते, भाऊ, खाली कोणीच नाही. इतकी मोठी चूक, इतक्या साध्या प्रकाशशास्त्राची.

पण सावकाश. हे ठरलेले नाही. हात रस्त्याकडे जातो: झाकण तिकडे आहे, आणि हाकलायचे तर माणूस तिकडेच हाकलेल. ज्याची ती बाग होती त्याला जमिनीखाली काय कुठे आहे ते ठाऊक असेल. ज्याचा मेंदू बिघडला आहे तोही हात तसाच हलवेल. एकच निरीक्षण, दोन गृहीतके, आणि दोन्ही पुरी पडतात. निवाडा करायचा तर त्यांचे वाक्य हवे. फाइलमधले नाही. त्याच्या आधीचे, त्यांच्या तोंडचे, जे तिने ऐकले आणि पुस्तकी मराठीत करून लिहिले. राधिका, ते खाली... खाली काय? खून शोधतात. हो, शोधतात म्हणाले होते! खून कोणी शोधत नाही, शोधतात ती — आणि इथे तिने स्वतःला थांबवले, कारण शोधण्याचा शब्द आत्ताच, दहा मिनिटांपूर्वी, तिच्याच तोंडून गेला होता. नमुना उघडा राहिला होता. त्यात आता काय मूळचे आणि काय बाहेरून पडलेले, ते सांगणारी चाचणी नव्हती. कच्ची नोंद तिने ठेवलीच नव्हती. ठेवला होता तो निष्कर्ष, दोन ओळींत, सुवाच्य.

तिने डोळे मिटले आणि भाऊंचा आवाज आठवायचा प्रयत्न केला. त्यांना बोलायला लावायचे होते, तो एकच शब्द, म्हणजे शेवटचे अक्षर कुठे लागते, दातांमागे की टाळूला, ते कळले असते. शब्द आला. पुन्हा आला. प्रत्येक वेळी तो स्वच्छ होता, शाळेत शिकवलेला, एकही अक्षर न चुकणारा. तो तिचा आवाज होता. त्याच्या मागे, खाली, दुसरे काही बोलत होते की नाही... पायांखालून पाणी वाहत होते आणि ती ऐकत उभी होती, आणि बारा रात्री जिच्यासाठी ती घाबरली होती ती गोष्ट — आपले डोके — शाबूत निघाल्याची सुटका तिच्यापर्यंत येऊन थांबली होती, अनोळखी माणसासारखी, आत घ्यावी की नाही ते न कळून.